मंगळवारची तालीम

एगबर्ट, मार्शाचा फोन आला तेव्हा मी ड्राइव्हवेवर गाडीच्या काचेवरचा बर्फ खरवडत होते. "मिस सुनंदा, डॅड पहाटे गेले," ती म्हणाली. अशा वेळी माणूस काय म्हणतो? सॉरी म्हणतो, देवाचं नाव घेतो, निदान गप्प तरी बसतो. मी म्हटलं, "असं कसं? आमचं अजून झालेलं नाही!"

तुमच्या लेकीला वाटलं, म्हातारीला धक्का बसला, काहीतरी बरळते आहे. मी बरळत नव्हते. आपलं रेकॉर्डिंग व्हायचं होतं. चार मिनिटांची एक धून, माझी पेटी आणि तुमचा ऑर्गन. गेली अडीच वर्षं दर मंगळवारी माझ्या बेसमेंटमध्ये बसून आपण ती घोटली, आणि आज ती कुठेही नाही. टेपवर नाही, फोनमध्ये नाही. माझी अर्धी बाजू माझ्या बोटांत आहे, तुमची अर्धी तुम्ही घेऊन गेलात. याबद्दल मला तुमच्याशी भांडायचं आहे, म्हणून हे लिहायला बसले.

बाकीचं लिहायला लोक आहेत. जमैकात, किंग्स्टनच्या त्या उकडणाऱ्या स्टुडिओत स्का नावाचं उडतं संगीत जन्माला आलं तेव्हा पियानोवर कोण होतं, मग गाणी संथ होत होत त्यांचं रेगे झालं तेव्हा ऑर्गनवरची ती बुडबुड पहिल्यांदा कुणी काढली, हे लंडनमधल्या आणि जपानमधल्या लोकांनी लिहून ठेवलंय. माझ्या अरुणने मला ते सगळं मोठ्याने वाचून दाखवलं. "अगं, हा माणूस म्हणजे या संगीताचा आद्यपुरुष होता," तो म्हणाला. मी म्हटलं, मला काय सांगतोस, माझ्याकडे यायचे तेव्हा बूट काढून, हात धुऊन बसायचे.

तुम्ही पहिल्यांदा आलात तो जुलै होता. मी गॅरेजचं दार अर्धं वर करून आत पेटी वाजवत होते, कारण घरात अरुणची ऑफिसातली माणसं आली होती. तो रिटायर झाला तरी त्याची ऑफिसातली माणसं रिटायर झाली नाहीत. दाराखालून मला फक्त दोन पाय दिसले, इस्त्रीची पँट आणि चकचकीत तपकिरी बूट. नोव्हाय गावातल्या आमच्या गल्लीत असे बूट कोणी घालत नाही. मला वाटलं इन्शुरन्सवाला आला. मी वाजवणं थांबवलं तर पाय हलले नाहीत. मग पायांच्या वरून आवाज आला, "थांबू नका मॅडम. मी माझ्या आईच्या चर्चमध्ये उभा आहे."

मी दार वर केलं. हॅट हातात घेऊन तुम्ही उभे होतात. तीन घरं सोडून राहणाऱ्या नर्सचे वडील, बायको गेल्यावर लेकीकडे आलेले, एवढं मला ऐकून माहीत होतं. तुम्ही विचारलंत, "याचे पाय कुठे गेले?" मला प्रश्न लगेच कळला, आणि मला माझे बाबा आठवले.

कारण बाबा सांगलीत एका नाटक कंपनीत ऑर्गन वाजवायचे. पायाने भाता मारायचा तो, संगीत नाटकातला. आणि तुमच्या लहानपणच्या चर्चमध्येही तोच, पायाने मारायचा. तुमचे पाय पोचत नव्हते म्हणून आई खाली बसून हाताने पेडल दाबायची आणि तुम्ही वर वाजवायचात. मिशनऱ्यांनी एक खोकं सांगलीला पाठवलं आणि तसलंच एक जमैकाला, आणि दोन्हीकडच्या पोरांनी त्यातून भलतंच काहीतरी काढलं, असं तुम्ही म्हणालात. बाबा गेल्यावर मी पेटीला कितीतरी वर्षं हात लावला नव्हता. नुकती पुन्हा उघडली होती, आणि अजून कुणासमोर वाजवायची हिंमत नव्हती. तुम्ही गॅरेजमधल्या रंगाच्या डब्यावर बसून तासभर ऐकलंत, आणि जाताना "मंगळवारी येऊ?" असं विचारलंत. मंगळवारच का, ते मला कधी कळलं नाही.

एक कबूल करते, मला तेव्हा स्का म्हणजे काय हे माहीत नव्हतं. रेगे म्हणजे समुद्रावर वाजतं ते, एवढंच. आमच्या निखिलला सनीव्हेलला फोनवर सहज म्हटलं की शेजारचे एक आजोबा माझ्याबरोबर वाजवायला येतात, नाव एगबर्ट, तर तो किंचाळलाच. "आई, डू यू इव्हन नो हू धिस इज? माझ्या टीममधला एक जण यांच्या रेकॉर्ड्स कलेक्ट करतो यार! आणि तू त्यांना काय, करेक्ट करतेस?" मी म्हटलं, चुकले तर करणारच. कोमल निषादाच्या जागी ते शुद्ध लावतात. निखिलने कपाळावर हात मारल्याचा आवाज मला इथपर्यंत आला.

मग तो ऑर्गन. लिव्होनियातल्या कुठल्याशा चर्चला त्यांचा जुना इलेक्ट्रिक ऑर्गन नकोसा झाला होता, 'फुकट, फक्त घेऊन जा.' फुकट म्हणजे काय ते उचलताना कळलं. आमच्या मराठी मंडळातली पाच-सहा धट्टीकट्टी मुलं बोलावली, सगळी गाड्यांच्या डिझाइनमधली, आणि बेसमेंटच्या जिन्याच्या वळणावर तो अडकला तेव्हा प्रत्येकाने आपापलं कॅल्क्युलेशन सांगायला सुरुवात केली. तुम्ही वर उभे राहून बघत होतात. शेवटी म्हणालात, "किंग्स्टनमध्ये आम्ही दार काढायचो." दार काढलं, ऑर्गन खाली गेला. मुलांना मी मिसळ खाऊ घातली, तुम्हीही खाल्लीत, आणि तर्री पुन्हा मागून घेतलीत. तिखट खाणारा माणूस बघितला की आमच्या लोकांचा जीव लगेच जडतो. त्या दिवसापासून तुम्ही सगळ्यांचे एगबर्टकाका झालात.

पहिल्या वर्षीच मंडळाच्या गणपतीला मी तुम्हाला घेऊन गेले, हायस्कूलच्या कॅफेटेरियात. सूट, टाय, हॅट. आरतीला कीबोर्डवाला आला नव्हता, त्याला फ्लू झाला होता, तर तुम्ही सरळ जाऊन बसलात. मी कानात सूर सांगितला. पहिली दोन कडवी नीट गेली. मग तुमचा उजवा हात मध्ये मध्ये पडायला लागला, टाळीच्या आधी नाही, टाळीबरोबर नाही, दोन टाळ्यांच्या मधोमध. लोकांच्या टाळ्या आपोआप हलक्या झाल्या. मागच्या रांगेतली पोरं डुलायला लागली. ज्या काकूंनी आयुष्यात मान हलवली नसेल त्यांच्या माना हलल्या. देवधरकाका मात्र भडकले. "आरती आहे का वरात?" असं सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. तुम्ही मला विचारलंत, ते गृहस्थ काय म्हणाले? मी म्हटलं, ते म्हणाले लग्नासारखा आनंद झाला. तुम्ही उठून देवधरकाकांना वाकून नमस्कार केलात, आणि त्यांनाही मग करावा लागला.

त्याच दिवशी घरी येताना गाडीत आपला वाद सुरू झाला, तो काही संपला नाही. मी म्हटलं, आमच्याकडे सम असते. तालाचा पहिला ठोका. गाणारा, वाजवणारा कुठेही भटकून येऊ दे, समेवर येऊन टेकायचं. टेकलं की ऐकणाऱ्याची मान हलते. तुम्ही म्हणालात, आमच्याकडे पहिला ठोका मोकळा सोडतात. ड्रमवालाही तिथे काही मारत नाही. "तिथे नाचणाऱ्याचा पाय पडतो, मिस सुनंदा. आपण कशाला गर्दी करायची?" मी म्हटलं, समेवर आलंच नाही तर माणूस घरी कसा पोचणार? तुम्ही म्हणालात, घरी पोचायची एवढी घाई कशाला आहे?

वाद घालायला तुम्ही उत्तम होतात. जुनं काही सांगायला मात्र भारी चेंगट. त्या दिवसांबद्दल विचारलं की म्हणायचात, "गरम होतं." झालं. फार मागे लागलं तर एखादा तुकडा. सकाळी स्टुडिओत जायचं, फाटकाबाहेर गाणारी पोरं रांगेत उभी. एक आत येणार, गुणगुणून दाखवणार, तुम्ही सूर पकडणार, बाकीचे डोक्याने खुणा करणार, आणि मशीन सुरू. एकदाच. चुकलं तरी पुढे. लगेच दुसरा पोरगा आत. संध्याकाळपर्यंत इतकी गाणी व्हायची की कुणाचं काय वाजवलं ते लक्षात राहायचं नाही. गाण्याला नावही नंतर मिळायचं. एकदा म्हणे तुम्ही बसमध्ये बसला होतात, रेडिओवर काहीतरी लागलं, आणि तुम्ही शेजारच्याला म्हणालात, ऑर्गनवाला बरा आहे. तो तुम्हीच होतात.

मी हसले होते. आता ते आठवून मला हसू येत नाही.

कारण माझं सगळं उलटं. मी नाटक कंपनीतल्या माणसाची मुलगी. आमच्याकडे तालीम. महिनोन्‌महिने तालीम. बाबा म्हणायचे, तिसरी घंटा ही कमवावी लागते. त्यात मी इथे येऊन तीस वर्षं गाड्यांच्या सुट्या भागांच्या क्वालिटी डिपार्टमेंटमध्ये काढली. माझ्या सहीशिवाय माल बाहेर जात नसे, आणि माझी सही सहज मिळत नसे. तेव्हा तुम्ही पहिल्याच महिन्यात म्हणालात, चला, ही धून रेकॉर्ड करून टाकू, तर मी काय म्हणणार? अजून तयारी नाही.

ती धून बाबांची. नाटकाचा अंक संपला की पडदा पडेपर्यंत ते ऑर्गनवर एक लहानशी धून वाजवायचे, पिलूतली. कुणी लक्ष देऊन ऐकायचं नाही. लोक उठून चहा-भज्यांकडे पळत असायचे. तुम्हाला मी ती वाजवून दाखवली तर तुम्ही डोळे मिटून घेतलेत. मग तिच्याखाली तुमची ती बुडबुड सुरू केलीत. उजवा हात हलकेच टोचा मारतो, डावा त्याच्या अवतीभवती खदखदतो. भात शिजताना पातेल्यावरचं झाकण हलतं तसं. आणि बाबांची ती धून, जी आयुष्यभर उठून जाणाऱ्या लोकांसाठी वाजली, ती एकदम बसून ऐकायची गोष्ट झाली. मी रडले. तुम्ही वाजवणं थांबवलं नाहीत, हे मला आवडलं.

त्यानंतर मंगळवार म्हणजे तालीम. तुम्ही दुपारी यायचात, आधी चहा. आल्याचा चहा तुम्हाला चालायचा, पण त्यात दूध डब्यातलं गोड हवं. चिवड्यातले फक्त दाणे वेचून खायचात, बाकीचा अरुणच्या वाटीत ढकलायचात. मग खाली जायचं. माझा आलाप लांबला की तुम्ही म्हणायचात, आता मशीन लावा. मी म्हणायचे, अजून नाही. दुसऱ्या ओळीतली ती जागा स्वच्छ येत नाही. कुठली जागा, तुम्ही विचारायचात. मी दाखवायचे. तुम्ही म्हणायचात, "मला तर ती तशीच आवडते." मी म्हणायचे, तुम्हाला काय, सगळंच आवडतं.

दोन वर्षं हे असं चाललं. आणि मागच्या शरद ऋतूत एका मंगळवारी मला वाटलं, आली. ती जागा आली. मी स्वतःच म्हटलं, एगबर्ट, आज लावू या मशीन. तुमचा चेहरा मला आठवतो. मला वाटलं होतं, तुम्ही खूश व्हाल. तुम्ही नुसती हॅट काढून बाजूला ठेवलीत.

मी मशीन म्हणून फोनवर रेकॉर्डिंग लावलं. सुरेख चाललं होतं. शेवटच्या ओळीत, अगदी मुक्कामाला येताना, तुमचा डावा हात भलत्याच जागी पडला. काळीज चरकावं इतका बेसूर. तुम्ही जीभ चावलीत. मी म्हटलं, होतं असं. पुढच्या मंगळवारी पुन्हा केलं, पुन्हा तिथेच. त्याच्या पुढच्या मंगळवारीही. तेव्हा मात्र मला घाबरल्यासारखं झालं. रात्री जेवताना अरुणला सांगितलं. तो म्हणाला, "वय झालं गं त्यांचं. बोटं ऐकत नसतील. तू टोकू नकोस." मी टोकलं नाही. ज्या माणसाला आयुष्यात दुसरा टेक लागला नाही त्याला मी म्हटलं, राहू दे, आता थंडी संपल्यावर बघू. किती सांभाळून म्हटलं होतं! तुम्ही मान डोलावलीत आणि चहा मागितलात.

आणि मी ती तीनही रेकॉर्डिंग्ज पुसून टाकली. मला वाटलं, न जाणो, पुढेमागे कुणाच्या हाती लागली तर लोक म्हणतील, म्हातारपणी हे असं झालं होतं. जपानमधली ती लिहिणारी माणसं काय म्हणतील? तुमची अब्रू मी राखत होते. चांगल्या मनाने केलं, एगबर्ट. सदोष माल बाहेर जाऊ द्यायचा नाही, ही माझी आयुष्याची सवय.

ते पुसण्यासाठी बोट खाली ठेवताना मला एक साधी गोष्ट दिसायला हवी होती. नोकरीत लागलेल्या प्रत्येक नव्या मुलाला मी हीच गोष्ट पहिल्या दिवशी शिकवायचे. दोष जर कधी इथे, कधी तिथे येत असेल तर तो योगायोग असू शकतो. पण दोष दर वेळी त्याच जागी, तसाच येत असेल तर तो कुणीतरी करत असतं. थकलेली बोटं कुठेही चुकतात. तुमची शेवटच्या ओळीतच चुकत होती, त्याच सुरावर. मला हे दिसलं नाही. माणूस आपला झाला की डोळ्यांवर झापड येते हेच खरं.

तुमचा नववा दिवस साउथफील्डच्या चर्चच्या हॉलमध्ये झाला. आमच्यात दहावा-तेरावा, तुमच्यात नववा. खरं तर तो रात्रभर जागवायचा असतो, पण हॉल शनिवारी दुपारचाच मिळाला, असं मार्शा म्हणाली. मी आणि अरुण पांढरे कपडे घालून गेलो, तर तिथे सगळ्यांचे रंगीबेरंगी. तळलेले मासे, रम, एका टेबलावर तुमचे दोस्त डॉमिनोज अशा जोराने आपटत होते की मला वाटलं भांडण जुंपलं. कुणी रडत नव्हतं. अरुण माझ्या कानात म्हणाला, "आपल्याकडे असं का करत नाहीत गं?" मी म्हटलं, तुझ्यासाठी करीन.

मग कुणीतरी तुमच्या जुन्या रेकॉर्ड लावल्या. मी तुम्हाला तरुणपणी पहिल्यांदा ऐकलं. बाप रे, काय उद्धट होतात तुम्ही! वेगात, छाती काढून, दोन सुरांमध्ये श्वास घ्यायला जागा नाही. मला अभिमान वाटला आणि थोडं परकंही वाटलं. हा तो माणूस नव्हता. माझ्याकडचा एगबर्ट एक सूर लावून तो संपेपर्यंत थांबायचा.

मार्शा माझ्या शेजारी येऊन बसली. म्हणाली, "मिस सुनंदा, हे सगळं मी जन्मायच्या आधीचं आहे. मला माझे डॅड हवेत, म्हातारे झालेले. घरी तर त्यांनी कीबोर्डला कधी हात लावला नाही, जे काही वाजवलं ते तुमच्याकडे. तुमच्याकडे काहीतरी असेलच ना?"

मी तिला सांगितलं. सगळं सांगितलं, तुमची बोटं ऐकेनाशी झाली होती, म्हणून मी ते पुसलं, हेही. मला वाटलं ती आता उठून जाईल. ती तर खो खो हसायला लागली. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. "ते मुद्दाम चुकायचे," ती म्हणाली. "घरी येऊन मला सांगायचे, आज पुन्हा त्याच दगडाला ठेचकाळलो. आणि स्वतःवरच खूश! मी ओरडले त्यांना. म्हटलं, बिचारी बाई इतके दिवस वाट बघते आहे. तर म्हणाले, मार्शा, आयुष्यभर लोकांनी माझ्याकडून गाणं एकदा घेतलं आणि ते गाणं मला परत कधी भेटलं नाही. ही एकच बाई आहे जी म्हणते, पुढच्या मंगळवारी पुन्हा. मशीनमध्ये एकदा गेलं की संपलं. मला नाही संपवायचं."

हॉलमध्ये तुमचं ते उडतं गाणं चालू होतं. अरुण जाऊन डॉमिनोज खेळायला बसला होता. मी मार्शाचा हात धरून बसून राहिले. पोरीला द्यायला माझ्याकडे काही नव्हतं. तीन मंगळवार होते, पैकी एकही मी ठेवला नाही. तो भलता सूरसुद्धा आज ती आनंदाने ऐकत बसली असती. मीही बसले असते.

आता थोडं भांडते, कारण न भांडता मला राहवत नाही. पहिली गोष्ट, तुम्ही तो वाद जिंकलात. परवा भांडी विसळताना माझ्या डोक्यात लख्ख पडलं. आमच्यात रूपक नावाचा ताल आहे. त्याची समच खाली, म्हणजे रिकामी असते. पहिल्याच मात्रेला तबलजी डग्गा वाजवत नाही, घुमार देत नाही. तबला शिकणाऱ्या शेंबड्या पोरालाही हे ठाऊक असतं. मला ठाऊक होतं! अडीच वर्षं समेच्या नावाने तुमच्याशी हुज्जत घातली आणि एकदाही आठवलं नाही. तुम्हाला सांगितलं असतं तर तुम्ही हॅट काढून मला वाकून दाखवलं असतंत, आणि पुढचा महिनाभर मला जगू दिलं नसतंत.

दुसरी गोष्ट. अहो, इतकं नाटक कशाला केलंत? मी नाटकवाल्याची मुलगी, मलाच फसवायचं? एका वाक्याचं काम होतं. तुम्ही म्हणाला असतात, "मिस सुनंदा, मला हे संपवायचं नाही," तर मी आधी रागावले असते, हे खरं. दोन वर्षांच्या मेहनतीवर पाणी फिरवता म्हणून फडाफडा बोलले असते. मग खाली जाऊन पेटी उघडली असती. आणि वाजवता वाजवता माझ्या लक्षात आलं असतं की दुसऱ्या ओळीतली ती जागा पहिल्या वर्षीच स्वच्छ आली होती. मीच म्हणत राहिले, अजून नाही, अजून नाही. मला वाटायचं, ही माझी शिस्त. शिस्त कसली! तुम्ही शेवटच्या ओळीत जे करत होतात तेच मी दुसऱ्या ओळीत करत होते, फक्त तुम्हाला ते कळत होतं आणि मला नाही.

तेव्हा दोघांनीही एकमेकांना सांगितलं नाही. तुम्ही सांगितलं नाही ते मला घाबरून, मी सांगितलं नाही ते तुम्हाला जपायचं म्हणून. सांगितलं असतं तर मी मशीन उचलून कपाटात टाकलं असतं. चार मिनिटांची धून होती, एगबर्ट. आपण दोघांनी मिळून ती आणखी दहा वर्षं आनंदाने चुकवली असती.